मुद्देमालातली गोधडी

आमच्या घरात त्या पाच-सहा वर्षांत तारीख म्हटलं की कोणाला कॅलेंडर आठवत नसे, कोर्ट आठवे. नवरा जेवताना विचारी, "तारीख कधी आहे?" आणि मी आधी दार लोटून घेई, कारण शेजारणीचे कान तिखट होते. रत्नागिरीत आम्ही भाड्याच्या दोन खोल्यांत राहत होतो. नवरा सरकारी कचेरीत कारकून, मी एका शाळेत शिवणाची शिक्षिका. तारखेच्या दिवशी गावाहून पहिल्या एसटीनं माझ्या थोरल्या जाऊबाई येत. मी त्यांना वहिनी म्हणत असे. दारात चपला काढतानाच त्या म्हणत, "आल्ये गो बाय, च्या टाक." त्यांच्या आवाजावरून मला कळे की आजही काही होणार नाही, हे त्या घरूनच समजून आल्या आहेत.

मी चहा टाकी, शाळेत अर्ध्या दिवसाची रजा टाकी, आणि आम्ही दोघी कोर्टाकडे चालू लागत असू. रजा मागताना कारण काय सांगायचं याचा मला कंटाळा आला होता. जाऊबाई आरोपी आहेत, असं मुख्याध्यापिकेला एकदा सांगितलं, तेव्हा त्यांनी विचारलं, "काय केलं त्यांनी?" मी म्हटलं, "गोधडी शिवली." त्यांना वाटलं मी चेष्टा करतेय. त्यानंतर मी पोटदुखी सांगू लागले.

तर ही गोधडी. आमचं गाव समुद्राच्या कडेला आहे. खाली घरं, वर सडा. सडा म्हणजे जांभ्या दगडाचं मोठं उघडं पठार. मार्च-एप्रिलमध्ये बाहेरचा माणूस तिथं उभा राहिला तर त्याला काळ्या-तांबड्या कातळाशिवाय काहीच दिसणार नाही, आणि तो म्हणेल इथं काय आहे. पण कातळाच्या खोलगट जागी जी माती साचते तिच्यात आमच्या बायका नाचणी आणि कुळीथ करत. गुरांचं गवत तिथलं, काजू तिथले, करवंदं तिथली, आणि खालच्या विहिरींना पाणी येतं तेही त्याच सड्यातून झिरपत. एका टोकाला मोहल्ल्याचं कब्रस्तान. दुसऱ्या टोकाला, करवंदीच्या जाळ्यांमागं, हिंदू घरांतली अगदी लहानपणी गेलेली मुलं पुरण्याची जागा. तिथं दगड नाही, खूण नाही. वहिनींची मुलगी तिथं आहे. अडीच वर्षांची होती. एका श्रावणात तापानं दोन दिवसांत गेली. पुढं दोन मुलगे झाले, पण मुलगी नाही झाली.

अठ्ठ्याण्णव साली सड्यावर कंपनी येणार अशी बातमी आली. कसली कंपनी ते गावाला कोणी धड सांगितलं नाही. कोणी म्हणे वीज, कोणी म्हणे रसायन. मग शाळेत सुनावणी ठेवली. खुर्च्या पुरुषांना, सतरंजी आम्हाला. त्या दिवशी रविवार होता म्हणून मीही होते. सुनावणी घ्यायला आलेल्या सरकारी साहेबांनी कागद वाचायला घेतले आणि सांगितलं की यात कोणाचं नुकसान नाही, कारण सड्याचं क्षेत्र जवळजवळ सगळं पोटखराबा आहे. सातबाऱ्यावरचा हा जुना शब्द. जमिनीचा जो भाग लागवडीला येत नाही तो पोटखराबा. पुरुषांना तो ठाऊक होता, बायकांना नव्हता.

वहिनींच्या शेजारी मोहल्ल्यातल्या एक म्हाताऱ्या खाला बसल्या होत्या. सगळ्या गावाच्या खाला. थोरले मुलगे आखातात, नवरा गेलेला, आणि ऐकू कमी येई म्हणून बोलायच्या मोठ्यानं. त्यांनी वहिनींना विचारलं, "कोनाचा पोट खराब झालाय गो?"

सगळी शाळा हसली. पुरुष हसले, बायका हसल्या, कोपऱ्यातला पोलीस हसला. साहेबांना वाटलं त्यांची टिंगल चालली आहे. ते लाल झाले, कागद गोळा केले आणि उठले. पुढं कळलं की गोंधळामुळे सुनावणी आटोपती घ्यावी लागली, ग्रामस्थांना काही म्हणायचं नव्हतं, असं वर कळवलं गेलं. एका म्हातारीच्या बहिऱ्या कानामुळे आमचं म्हणणं ऐकायचं राहून गेलं म्हणे! म्हणजे ऐकू कोणाला कमी येत होतं ते तुम्हीच ठरवा. मला अजून संताप येतो.

त्यानंतरचं सगळं सांगत बसत नाही, मलाच थकायला होतं. मोजणी अडवली, लाठ्या बसल्या, पुरुषांना गाड्यांत भरून नेलं. शाळेत राखीव पोलिसांचा तळ पडला आणि मुलांची शाळा देवळाच्या मंडपात गेली. माझ्या मोठ्या दिरांना तालुक्यातून तडीपार केलं. ते देवरुखला बहिणीकडे जाऊन राहिले आणि तिथल्या ओटीवर बसून बसून बारा महिन्यांत म्हातारे झाले. गावात जमावबंदी लागली. पाच माणसं एकत्र दिसली की गुन्हा. घोषणा नको, फलक नको, लाउडस्पीकर नको. कोणाकडे साखरपुडा असला तरी पोलीस विचारत, माणसं किती? आमच्याकडे एक म्हातारबुवा वारले तेव्हा चार खांदेकरी आणि पुढं मडकं धरणारा मुलगा, एवढ्यानंच जमाव होत होता. त्यासाठीही जाऊन परवानगी आणली.

पण भात झोडून झालं की आमच्याकडे बायका गोधड्या शिवायला बसतात, त्याला परवानगी घ्यावी हे कोणाच्या डोक्यात आलं नाही. खळ्यात, म्हणजे घरापुढच्या सारवलेल्या अंगणात, जुनं लुगडं अंथरायचं, त्यावर चिंध्यांचा थर, त्यावर दुसरं लुगडं, आणि चारी बाजूंनी बसून धावदोरा घालत मध्याकडे यायचं. एकटीनं बसलं तर कापड सरकतं, सुरकुत्या पडतात. चार-सहाजणी लागतातच. एक हवालदार येऊन बघून गेला.

"काय चाललंय?"

"गोधडी," वहिनी म्हणाल्या.

"बरं बरं," म्हणून तो गेला. त्याच्याही घरी कोणी शिवत असेल.

मग काय, गावाची सभा गोधडीभोवती भरू लागली. कोणाचा नवरा कुठल्या तुरुंगात, कोणाच्या मुलाचा हात मोडला, कोणाला पाणी भरायला गेली असताना शिव्या खाव्या लागल्या, हे सगळं मान खाली घालून, सुई चालवत. मी रविवारी जाई. शिवणाची मास्तरीण म्हणून मी टाक्यांना नावं ठेवत असे. वहिनी म्हणत, "तुझ्या परीक्षेला बसलो नाय आमी."

गोधडीचा नकाशा कधी झाला ते नक्की सांगता येत नाही. वहिनींनी मधोमध एक विटकरी रंगाचा मोठा तुकडा ठेवला आणि सहज म्हणाल्या, "ह्यो आपला सडा." एवढंच. दुसऱ्या दिवशी एक जण हिरवा तुकडा घेऊन आली, माझे काजू म्हणाली, आणि कुठं लावायचा यावरून दोघींत बांधाचं भांडण झालं. खरोखरचं भांडण, जसं शेतावर होतं तसं. खालांनी नवऱ्याच्या पांढऱ्या सदऱ्याची पाठ आणली, कब्रस्तानासाठी. समुद्र मी दिला. शाळेच्या गणवेशाचं उरलेलं निळं कापड होतं. विहिरी झाल्या, पायवाट झाली, नाचणीचे तुकडे झाले. साहेबांच्या कागदावर सगळा खराबा होता, आणि आमच्या खळ्यात त्यावर सुई टेकवायला मोकळी जागा उरेना.

एका रविवारी वहिनींनी कागदात गुंडाळलेलं काही आणलं. हळदी रंगाचं झबलं, कडेनं लाल गोट. मी ते ओळखलं, कारण ट्रंकेच्या तळाशी ते होतं हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं आणि त्याबद्दल कोणी बोलत नसे. मुलीची तेवढीच एक वस्तू उरली होती. तिचा फोटो काढायचं कधी कोणाला सुचलं नव्हतं.

मी म्हटलं, "वैनी, हे नका कापू. अख्खं राहू दे घरात."

"घरात ठेवून काय करू? ती सड्यावर हाय. गोधडीत सगळ्यांचा सडा आला, मग ती नको?"

त्यांनीच कात्री चालवली, छातीचा भाग गळ्याच्या गोटासकट चौकोनी कापला, आणि विटकरी तुकड्याच्या टोकाला, करवंदीच्या हिरव्याला लागून तो बसवला. टाके इतके बारीक घातले की मला नाव ठेवायला जागा नव्हती. उरलेल्या बाह्या आणि घेर गोधडीच्या पोटात गेला, चिंध्यांबरोबर. खालांनी त्या चौकोनावर हात फिरवला आणि आपल्या बाजूचा दोरा ओढला. मी मात्र रडले. वहिनी म्हणाल्या, "कापड भिजवू नको."

शेवटी वरच्या कडेला काळ्या दोऱ्यानं एकच शब्द घातला. पोटखराबा. बाकी काही नाही. घोषणा लिहायला बंदी, पण हा तर सरकारचाच शब्द, असा वहिनींचा हिशेब. वहिनी गावच्या अंगणवाडीच्या सेविका, त्यामुळे अक्षर त्यांचं. मी सांगितलं की तुमचा ख सुटा पडलाय, र आणि व दिसतोय. त्या म्हणाल्या, "ज्याला वाचायचाय तो वाचील."

पुढं मोजणीची गाडी येणार होती त्या दिवशी वहिनी, खाला आणि आणखी चौघी अशा सहाजणींनी ती गोधडी रस्त्याकडेच्या गडग्यावर वाळत टाकली. गडगा म्हणजे आमच्याकडची चिऱ्यांची कमरेएवढी भिंत. जमाव होऊ नये म्हणून तिघी एका झाडाखाली बसल्या, तिघी दुसऱ्या. गाडी थांबली. सुनावणीचे तेच साहेब उतरले. त्यांनी गोधडी पाहिली, आणि त्यांना कळलं. ज्याला त्या शाळेतलं हसू आठवत होतं त्याला कळणारच. घोषणा कोणी दिली नाही. तरी दुपारपर्यंत सहाहीजणी पोलीस ठाण्यात होत्या आणि गोधडी जप्त झाली होती. आक्षेपार्ह फलक लावून जमावबंदीचा भंग, असा गुन्हा. मी शाळेतून धावत ठाण्यावर गेले तर तिथं पंचनामा चालला होता, आणि लिहिणारा अडला होता. त्यानं लिहिलं होतं, "पोटरवराबा असा सांकेतिक मजकूर." याचा अर्थ काय, कोणत्या संघटनेची ही खूण, म्हणून वहिनींना दोन तास विचारत होते. वहिनी म्हणाल्या, "साहेबांनाच विचारा, शब्द त्यांचा हाय." त्यामुळे त्या आरोपी नंबर एक झाल्या. त्या दिवशी आम्ही हसलो. हसणं पुढं पुरलं नाही.

तारखा सुरू झाल्या. साक्षीदार आला नाही म्हणून तारीख, साहेब रजेवर म्हणून तारीख, कागद दुसऱ्या टेबलावर म्हणून तारीख. कोर्टाच्या व्हरांड्यात एक लाकडी बाक होता, त्यावर या सहाजणी बसत. सकाळच्या एसटीनं आलेल्या, दुपारी पुकारा होई, पट्टेवाला नावं घेई, त्या उभ्या राहत, नवी तारीख मिळे, बसत. परतीची गाडी चुकली तर माझ्या दोन खोल्यांत सहाजणी झोपत. नवरा बाहेर ओट्यावर. तो सरकारी नोकर, त्याला बदलीची भीती, पण त्यानं कधी तोंडातून शब्द काढला नाही. भात मात्र मला रांधावा लागे. कधी कधी मला त्या सगळ्यांचा राग येई, सड्याचा येई, गोधडीचाही येई. माणूस किती दिवस चिडून राहणार? मग चिडण्याचाही कंटाळा येतो.

आमचे वकील भले गृहस्थ होते. पहिल्याच भेटीत त्यांनी सगळ्यांना समोर बसवून सांगितलं, "तुम्हाला एकच गोष्ट लक्षात ठेवायची आहे. गोधडी कोणाची, कोणी शिवली, कोणी टांगली, माहीत नाही. टांगताना पाहिलेला साक्षीदार पोलिसांकडे नाही. एकीनं जरी माझी म्हटलं, तरी सहाहीजणी अडकल्या."

वहिनींनी विचारलं, "मंग ती परत कशी मिळनार?"

"आधी सुटा, मग बघू."

शिक्षा झाली तर वहिनींची अंगणवाडी जाणार होती, आणि दीर तालुक्याबाहेर असताना त्या अंगणवाडीवरच घर चाललं होतं. खालांच्या धाकट्या मुलाचा पासपोर्ट पोलीस चौकशीत अडकून पडला होता. प्रत्येकीचं काही ना काही अडकलेलं. वहिनींचं त्या गोधडीत अडकलं होतं. माझी म्हटलं तर सगळ्यांना बुडवायचं, नाही म्हटलं तर ती जाणार. हे त्यांना वकिलापेक्षा आधी कळलं होतं, असं मला वाटतं. परत येताना एसटी स्टँडवर त्या एवढंच म्हणाल्या, "मीच आणली तिला ट्रंकेतून. राहू द्यायची होती तिथंच." मी म्हटलं, "वैनी, असं नका बोलू."

मध्ये खाला गेल्या. दम्यानं. तारखेला पुकारा झाला, पट्टेवाल्यानं दोनदा नाव घेतलं, वहिनी उठून म्हणाल्या, त्या वारल्या. दाखला आणा, असं सांगण्यात आलं. पुढच्या तारखेला दाखला दिला आणि त्यांच्यापुरता खटला संपला. बाकावर त्यांची जागा रिकामी राहत असे, कोणी तिथं सरकून बसत नसे.

कंपनीचं तर विचारूच नका. वरचं सरकार बदललं, काही करार फिसकटला म्हणाले, यंत्रं आली तशी निघून गेली. प्रकल्प झालाही नाही आणि गेलाही नाही. सड्याभोवती मात्र तारेचं कुंपण पडलं, फाटक बसलं, फाटकावर राखणदार. जमिनीवर कंपनीचं नाव चढलं होतं ते उतरलं नाही. दीर परत आले, पण गुरं कुंपणाबाहेरून गवताकडे बघत. वहिनी एकदा श्रावणात फाटकाशी गेल्या, आत करवंदीपर्यंत जाऊ दे म्हणाल्या. राखणदार परप्रांतातला, बिचाऱ्याला भाषाही कळेना. त्यानं हातानंच नाही म्हणून सांगितलं. तेव्हापासून मुलीचं म्हणून जे काही या जगात होतं ते एवढंच, पोलीस ठाण्याच्या मुद्देमालाच्या खोलीत, दोरीनं बांधलेल्या गोधडीतलं.

चौथ्या का पाचव्या वर्षी गोधडी ओळख पटवायला कोर्टात आणली. गाठोडं सोडलं तसा कुबट वास सगळ्या खोलीत पसरला. सरकारी वकिलांनी नाकाला रुमाल लावला. आम्ही मागं उभ्या होतो. घडी अशी पडली होती की नेमका पिवळा चौकोन वर आला होता, रंग उतरलेला, पण लाल गोट दिसत होता. वहिनींनी नकळत हात पुढं केला. पट्टेवाला ओरडला, "हात लावू नका, मुद्देमाल आहे!" त्यांनी हात पदराखाली घेतला. त्या संध्याकाळी माझ्याकडे जेवताना त्यांनी विचारलं, "वर होती ना गो ती? बघितलास तू?" मी म्हटलं, बघितली. मग त्या जेवल्या.

जबाबाचा दिवस आला. न्यायाधीश तरुण होते, आवाज शांत. त्यांनी एकेकीला तेच विचारलं. सदर गोधडी तुम्ही इतरांसह तयार केली, याबाबत काय म्हणणं आहे? माहीत नाही. सदर गोधडी तुम्ही रस्त्यालगत लावली? माहीत नाही. सदर गोधडी कोणाच्या मालकीची आहे? माहीत नाही. वहिनींचा नंबर पहिला होता. मी त्यांच्या पाठीकडे बघत होते. तिसऱ्या प्रश्नाला त्या थांबल्या. वकिलांनी मान वर केली. मग वहिनी म्हणाल्या, "माहीत नाही." अगदी स्वच्छ, पुस्तकातल्यासारखं. घरी त्या कधी 'नाही' म्हणत नसत, 'नाय' म्हणत.

निकाल सुटल्याचा लागला. पुराव्याअभावी सगळ्या निर्दोष. चौघी एकमेकींच्या गळ्यात पडल्या, वकिलांनी कपाळ पुसलं. निकालाच्या शेवटी एक ओळ होती ती कोणी नीट ऐकली नाही, मी ऐकली. जप्त मुद्देमाल मूल्यहीन असल्याने अपिलाची मुदत संपल्यानंतर नष्ट करण्यात यावा. मी वकिलांना बाजूला घेतलं. ते म्हणाले, परत मागता येईल, पण मालक म्हणून नाव द्यावं लागेल, आणि सरकारनं अपील केलं तर तोच अर्ज पुरावा होईल. मुदत संपू द्या, मग मी बघतो. मी वहिनींना सांगितलं. त्या म्हणाल्या, "इतकी वरसं थांबलो, आणखी थांबू."

मुदत संपली तेव्हा वकील पुण्याला मुलाकडे गेले होते. आम्ही दोघीच ठाण्यावर गेलो. मागच्या आवारात जुन्या मुद्देमालाचा ढीग रचला होता. दारूचे कॅन, पत्त्यांचे जोड, काठ्या, फाटक्या पिशव्या. एक नवा हवालदार, आमच्यापैकी कोणालाही न ओळखणारा, पॅडवर कागद घेऊन उभा होता. आम्ही तोंड उघडायच्या आत तोच म्हणाला, "बाई, लिहिता-वाचता येतं ना? दोन पंच हवेत. पंच मिळत नाहीत म्हणून महिना झाला हे इथंच पडलंय. पाच मिनिटांचं काम आहे."

मी सांगणार होते की आम्ही कशासाठी आलोय. वहिनींनी माझं मनगट दाबलं. पंच झालं तर गोधडीजवळ तरी जाता येईल, असं त्यांच्या मनात आलं असावं. ढिगात वरच गोधडी होती. वाळवीनं समुद्राची बाजू खाल्ली होती, काळी अक्षरं अर्धी गेली होती. सड्याचं टोक शाबूत होतं.

"ऱ्हातो पंच," वहिनी म्हणाल्या.

हवालदारानं एकेक वस्तू वाचली. गोधडीपाशी आला तेव्हा म्हणाला, "एक जुनी गोधडी, रंगीत तुकड्यांची, मूल्यहीन. पंचांनी पाहिली, ओळखली, असं लिहावं लागतं. ओळखता ना?"

वहिनी खाली बसल्या. पिवळ्या चौकोनावर त्यांनी हात ठेवला. "ओळखत्ये," त्या म्हणाल्या. "माजी हाय. मी शिवलीय. ह्या माज्या चेडवाचा झबला."

पाच वर्षं जे म्हणायचं नाही म्हणून त्यांनी दातांखाली धरून ठेवलं होतं ते त्यांनी पोलिसासमोर, दिवसाढवळ्या, मोठ्यानं म्हटलं. हवालदारानं मान वर केली नाही. "ते नाही विचारलं बाई. वर्णन जुळतं का तेवढं सांगा."

"जुळता."

"येवढा चौकोन कापून घेऊ?" त्यांनी मग हळू विचारलं.

तो वाईट माणूस नव्हता. त्यानं क्षणभर विचार केला. "हुकूम अख्ख्या मालाचा आहे. एक तुकडा कमी दिसला तर माझ्यावर येईल," म्हणाला, आणि रॉकेलचा कॅन आणायला वळला.

त्यानं कागद पुढं केला. मी म्हटलं, "मी सही करणार नाही. वैनी, चला इथनं. आपण वरच्या साहेबांना भेटू, अर्ज देऊ, काहीतरी करू."

वहिनींनी माझ्या हातातलं पेन घेतलं आणि आपलं पूर्ण नाव लिहिलं, सावकाश, अंगणवाडीतल्या पोरांना गिरवायला देतात तसं. मग पेन मला परत दिलं.

"सही कर गो," त्या म्हणाल्या. "तिला नेली तेवा मला उंबऱ्याभायेर येऊ दिला नव्हता. बाप्ये घेऊन गेले आनि हात धुवून परत आले. आज मी हाय."

मी सही केली. जुनं सुती कापड लवकर जळत नाही, धुमसत राहतं. हवालदार कंटाळून आत गेला. वहिनी शेवटपर्यंत उभ्या होत्या.